मानखुर्द ते चिरनेर, एका दिवसाचं भाडं

‘‘भाऊ, एका दिवसात जंगल, धबधबा आणि आदिवासी असं तिन्ही होईल का?’’

जून लागला की माझ्या फोनवर हा प्रश्न सुरू होतो. विचारणारे बहुतेक ओळखीचेच. महाराष्ट्र नगरातल्या भिशीच्या बायका, लल्लूभाई कंपाउंडमधली दोन शेजारची कुटुंबं, ट्रॉम्बेकडचे रिटायर झालेले काका-काकू. मी मानखुर्दलाच राहतो आणि टुरिस्ट परमिटची सात सीटची गाडी चालवतो. माझं उत्तर ठरलेलं आहे. होईल, पण मी सांगेन त्या रस्त्याने यायचं आणि ‘अजून एक पॉइंट करू या’ म्हणायचं नाही.

आधी धंद्याचं बोलतो, कारण नंतर त्यावरूनच वाद होतात. मुंबईत दिवसाची गाडी साधारण ‘आठ तास, ऐंशी किलोमीटर’ या हिशेबाने मिळते. कर्नाळा, चिरनेर करून मानखुर्दला परत आलं की ऐंशीच्या वर आकडा जातो आणि तासही दहा-बाराच्या घरात पोचतात. म्हणून जास्तीच्या किलोमीटरचा आणि तासाचा दर निघण्याआधी विचारून घ्यावा, पार्किंग कोण देणार तेही. दुसरं, पाटीचा रंग बघा. पिवळी पाटी, काळे आकडे असतील तर ती भाड्याची गाडी. ओळखीच्या कुणाची पांढऱ्या पाटीची गाडी दोन-पाचशे रुपयांनी स्वस्त पडते, पण भाड्याने नेताना काही झालं तर विम्याची कंपनी आधी पाटीकडे बघते. वाशीच्या नाक्यावरचा टोल हलक्या गाड्यांना ऑक्टोबर २०२४पासून माफ आहे, तेव्हा तो कुणी बिलात लावला तर देऊ नका.

सकाळी साडेसहाला निघायचं. खाडीपुलावर आलो की मागच्या सीटवरून हमखास विचारणा होते, ‘‘फ्लेमिंगो कुठे दिसतात?’’ पावसाळ्यात नाही दिसत. ते थंडीच्या तोंडावर येतात आणि उन्हाळा संपता संपता जातात. खाडीचा हा पट्टा २०१५मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य झाला, २०२२मध्ये पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेला. आमच्या स्टेशनपासून हाकेच्या अंतरावर आहे, त्यामुळे आम्हीच कधी बघायला गेलेलो नसतो.

खारघर येतं तेव्हा गाडीतला एखादा पोरगा पांडवकड्याचं नाव काढतोच. आमच्या मुलांना ते सोयीचं पडतं. हार्बरने थेट खारघर, पुढे रिक्षा, समोर १०७ मीटरवरून कोसळणारं पाणी. पण तिथे दर पावसाळ्यात बंदी असते आणि बंदी मोडून गेलेली मुलं वाहून जातात, तेही जवळजवळ दर पावसाळ्यात. मी तिकडे गाडी वळवत नाही. ३० जून २०२४ रोजी लोणावळ्याला भुशी धरणाच्या मागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातले पाच जण गेले. ते पाण्यात मधोमध एकमेकांना धरून उभे होते. तो व्हिडिओ सगळ्यांनी पाहिला आणि पुढच्या आठवड्यात मला लोणावळ्याचीच तीन भाडी विचारली गेली.

धबधब्याचं एक गणित आहे, ते मला डोंगरातल्या माणसांनी शिकवलं. तुम्ही उभे असता तिथे पाऊस नसतो, तो वर डोंगरमाथ्यावर पडत असतो. तिथलं पाणी चार ओहोळांनी गोळा होऊन खाली यायला थोडा वेळ लागतो, आणि आलं की एकदम येतं. त्याआधी पाणी गढूळ होतं. पालापाचोळा, काटक्या वाहून यायला लागतात. आवाज जड होतो. यातलं एक जरी दिसलं तरी चप्पल तिथेच सोडून काठ गाठायचा. पाणी गुडघ्यापर्यंत चढलं की पाय उचलणं तुमच्या हातात राहत नाही. म्हणून गाडीतून उतरतानाच मी सांगतो की घोट्याच्या वर पाणी म्हणजे आपली हद्द संपली. लोक थोडे नाराज होतात. होऊ देत.

पळस्पे सोडून मुंबई-गोवा महामार्गाला लागलं की बारा-पंधरा मिनिटांत दोन्ही बाजूंनी झाडी जवळ येते. हे कर्नाळा पक्षी अभयारण्य, १९६८ सालचं. जेमतेम बारा चौरस किलोमीटर, आणि त्याच्या मधून हा हमरस्ता. ट्रेलरचा हॉर्न आणि कस्तुराची शीळ एकाच वेळी ऐकू येते. गेटवर तिकीट काढताना प्लास्टिकच्या बाटल्या, पिशव्या मोजून अनामत घेतात आणि येताना त्या दाखवल्या की पैसे परत करतात. हा नियम सगळ्या धबधब्यांवर लावला पाहिजे, असं माझं मत आहे.

वर किल्ल्यावर अंगठ्यासारखा सुळका उभा आहे. क्रांतिकारक वासुदेव बळवंत फडके यांचे आजोबा या किल्ल्याचे किल्लेदार होते. फडक्यांचं शिरढोण गाव आपण आत्ताच रस्त्यात मागे टाकलेलं असतं. पण पावसात सोबत वयस्क माणसं असतील तर किल्ला सोडा. आत हरियाल आणि मोरटाका नावाच्या पायवाटा आहेत, त्यातल्या एकीवर तासभर चालायचं, बोलायचं कमी. पावसाळ्यात इथे पक्षीवाले लोक लांबून येतात ते एका चिमणीएवढ्या पाखरासाठी. तिबोटी खंड्या. जांभळा, नारिंगी, पिवळा, चोच लालभडक. ओढ्याकाठच्या मातीच्या उभ्या कडेत बीळ करून तो पिल्लं वाढवतो आणि दिवसभर सापसुरळ्या, खेकडे, कोळी आणून भरवतो. मी तो पहिल्यांदा बघितला तेव्हा कॅमेरावाल्या पार्टीबरोबर होतो. सगळे श्वास रोखून बसलेले आणि त्या पक्ष्याच्या चोचीत त्याच्याच लांबीची सापसुरळी. बिळाच्या तोंडाशी ती आडवी अडकत होती. दोनदा बाहेर येऊन, फांदीवर आपटून, सरळ करून मग आत नेली. बिळाजवळ जाऊन फोटो काढायचा हट्ट केला तर आईबाप आत जात नाहीत आणि पिल्लं उपाशी राहतात, एवढं मात्र लक्षात ठेवा.

अभयारण्य संपलं की तारा गाव. तिथे युसूफ मेहेरअली सेंटर आहे. ‘चले जाव’ची हाक ज्यांच्या नावाशी जोडली जाते आणि १९४२ साली जे मुंबईचे महापौर होते, ते हे मेहेरअली. घाण्याचं तेल, हातसाबण, मातीची भांडी घ्यायची असतील तर इथे थांबतो. थांबतो म्हणजे वीस मिनिटं, नाहीतर बायका तिथेच दुपार करतात.

आता तिसरी फर्माईश, ‘आदिवासी’.

एकदा अशाच एका पार्टीतल्या साहेबांनी टपरीवर चहा पिता पिता विचारलं, ‘‘इथे आदिवासी कुठे बघायला मिळतील?’’ चहा देणारा तरुण जीन्समध्ये, अंगात क्रिकेटच्या टीमचा टी-शर्ट, कानात इअरफोनची वायर. तो म्हणाला, ‘‘बघताय की.’’ आणि सुटे पैसे परत केले. पोरगा कातकरी होता. साहेबांना पिसं आणि ढोल हवे होते, हे मी समजलो.

त्यांचाही दोष नाही. या पट्ट्यात काही रिसॉर्ट संध्याकाळी तारपा नाच ठेवतात आणि भिंतीवर वारली चित्रं रंगवतात. तारपा आणि ती चित्रं उत्तरेकडच्या, डहाणू-तलासरी-जव्हारच्या वारल्यांची. लग्नाच्या वेळी घरच्या सवाशिणी गेरूच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, त्यातून ती आली. जिव्या सोमा मशे यांनी ती कागदावर आणून जगभर नेली, त्यांना २०११मध्ये पद्मश्री मिळाली. रायगडात मुख्यतः कातकरी आणि ठाकर. त्यांची भाषा वेगळी, देव वेगळे, कामं वेगळी. कोल्हापूरचा तांबडा रस्सा मालवणच्या थाळीत वाढून ‘कोकणी जेवण’ म्हटलं तर आपण ताट परत करू. इथे मात्र टाळ्या वाजवतो.

कातकरी म्हणजे खैराच्या झाडापासून कात करणारे लोक. खैराच्या आतल्या लाल लाकडाचे तुकडे करून पाण्यात उकळायचे, ते पाणी आटवून घट्ट करायचं आणि थंड झालं की वड्या पाडायच्या. मानखुर्द स्टेशनबाहेरच्या पानवाल्याच्या डब्यात जो काथ असतो तो हाच. हे काम जंगलावर चालायचं, आणि इंग्रजांनी १८७८च्या वन कायद्याने जंगलं राखीव करायला घेतली. खैर तोडणं गुन्हा झालं. मग लाकूडफाटा, कोळशाच्या भट्ट्या, नंतर वीटभट्ट्या. आज महाराष्ट्रातल्या ज्या तीन जमातींना सरकार विशेष दुर्बल मानतं, त्यांत कोलाम आणि माडिया गोंड यांच्याबरोबर कातकरी आहेत.

हे सगळं मी गाडीत सांगतो तेव्हा आम्ही खारपाड्याकडून साईमार्गे चिरनेरच्या रस्त्याला लागलेलो असतो. रस्ता अरुंद आहे आणि बंदराकडचे कंटेनर ट्रेलर कुठून समोर येतील सांगता येत नाही, म्हणून मी बोलतो कमी आणि हॉर्न वाजवतो जास्त. पण चिरनेरची गोष्ट मी गाव यायच्या आधी संपवतो, कारण तिथे पोचल्यावर ती डोळ्यांनी बघायची असते.

१९३० साल. एप्रिलमध्ये गांधीजींनी दांडीला मीठ उचललं आणि देशभर मिठाचा सत्याग्रह झाला. पण पाऊस सुरू झाल्यावर मीठ कसं पिकवणार? म्हणून महाराष्ट्रात त्या पावसाळ्यात जंगल सत्याग्रह सुरू झाले. राखीव जंगलात जायचं, कोयत्याने गवत किंवा लाकूड तोडायचं आणि अटक करवून घ्यायची. विदर्भात पुसदला बापूजी अणे यांनी सुरुवात केली, सांगलीकडे बिळाशीला झालं. उरण तालुक्यात चिरनेरजवळच्या अक्कादेवीच्या माळावर २५ सप्टेंबर १९३० रोजी आसपासच्या गावांतले आगरी, कोळी, कातकरी, सगळे जमले. पोलिसांनी गोळीबार केला. आठ सत्याग्रही मारले गेले. सरकारी बाजूचेही काही जण मेले, त्यांत मामलेदार जोशी होते. हुतात्म्यांच्या यादीत धाकू गवत्या फोफेरकर आहेत, आणि नाग्या महादू कातकरी हे नाव आहे.

नंतर धरपकड झाली आणि खटला उभा राहिला. आरोपींच्या बाजूने लढलेल्या वकिलांत डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते. हे वाक्य आलं की आमच्या वस्तीतल्या गाडीत मोबाइल खाली जातात. एका ताईंनी मला गाडी थांबवायला लावली आणि परत एकदा पहिल्यापासून सांगायला लावलं. त्या म्हणाल्या, ‘‘हे आम्हाला शाळेत का नाही शिकवलं?’’ माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी सातवी.

चिरनेरला महागणपतीचं देऊळ आहे, लोक खास त्यासाठीही येतात. गावात हुतात्म्यांचं स्मारक आहे. दर वर्षी २५ सप्टेंबरला तिथे पोलीस मानवंदना देतात. त्याच खात्याच्या बंदुका, पण आता आकाशाकडे. मला दर वर्षी बरं वाटतं.

गावाच्या पुढे अक्कादेवीकडे गेलं की डोंगराच्या पायथ्याला वाडी आणि पावसाळ्यात वरून उतरणारं पाणी. हाच आपला धबधबा. पांडवकड्यासारखा उंच नाही, फोटोत भव्य दिसत नाही. सुट्टीच्या दिवशी इथेही बंधाऱ्यावर झुंबड असते, बिअरच्या बाटल्या असतात. म्हणून मी आठवड्यातला मधला वार सांगतो. कामावरून रजा काढावी लागते, हे खरं आहे. पण ज्या पाण्यात तुम्ही पाय सोडून बसता, त्याच्या वरचं जंगल कुणाचं यावरून इथे माणसं मेली, हे माहीत असलं की बसण्यात फरक पडतो.

वाडीत शिरायची माझी पद्धत अशी. आदल्या दिवशी तिथल्या एका दादांना फोन करतो. किती माणसं, जेवणार का, फिरायला कोण नेणार, सगळं ठरवतो. त्यांचा दिवस जातो म्हणून शेतावरच्या मजुरीपेक्षा कमी पैसे द्यायचे नाहीत, आणि ते माझ्या भाड्यात न धरता पार्टीने थेट त्यांच्या हातात द्यायचे. जेवणाचे पैसे जिने रांधलं तिच्या हातात. फोटो विचारून. लहान मुलांना चॉकलेटं वाटायची नाहीत. हे शेवटचं पटायला सगळ्यांत अवघड जातं. पण दर रविवारी गाडी आली की पोरं हात पसरून धावतात, ती सवय आपणच लावलेली आहे.

दादा पुढे चालतात, कमरेला कोयता. ते कारवी दाखवतात, जी सात-आठ वर्षांनी एकदाच फुलते आणि जिच्या काठ्यांच्या कुडाला माती-शेण लिंपून घराच्या भिंती होतात. ओढ्यातला दगड थोडा उचलून पाठीमागून दोन बोटांत मुठा, म्हणजे खेकडा, असा धरतात की त्याच्या नांग्यांना हवा सोडून काही सापडत नाही. भिशीतल्या एका काकूंनी तसंच करायला बोट घातलं आणि दहा मिनिटं बोंबलत होत्या. त्यांना मुठ्यापेक्षा आमच्या हसण्याचा राग जास्त आला.

आणि भाज्या. जूनमध्ये गेलात तर शेवळं. जांभळट कोंब जमिनीतून वर येतो, आतला पिवळा दांडा काढून टाकायचा, बाकीचं बारीक चिरायचं. नुसतं शिजवून खाल्लं तर घसा असा खाजतो की पाणी पिऊनही थांबत नाही. म्हणून सोबत काकडाची आंबट फळं, नाहीतर बोंडाऱ्याचा पाला. पनवेलच्या, वाशीच्या बाजारात सीकेपी लोक शेवळांसाठी सकाळी रांग लावतात, कोलंबी घालून करतात. विकणारी कातकरी बाई शेवळांच्या वाट्यावर काकडं आपणहून ठेवते. न मागता ठेवते, कारण घेणाऱ्याला माहीत नसेल तर त्याचा घसा जाईल. जुलैत फोडशी आणि टाकळा, मग कंटोळी. भारंगीचा कोवळा पाला उकडून, कडू पाणी पिळून काढून, वाल आणि कांदा घालून करतात. हे कुठल्या पुस्तकातून आलेलं नाही. कोणती वेल कोणत्या पंधरवड्यात खायची आणि कोणती आता जून झाली म्हणून सोडायची, हे त्या बाईच्या हातात आहे. तांदळाच्या भाकरीबरोबर ती भाजी आणि सुका जवळा वाढते तेव्हा ‘आदिवासी संस्कृती’ म्हणून जे काही विचारलं होतं, ते पानात आलेलं असतं. काहींना तरीही नाच हवा असतो.

एक गोष्ट टूरवाले सांगत नाहीत. डिसेंबर-जानेवारीत छान थंडी पडली म्हणून तुम्ही वाडीवर गेलात, तर तिथे म्हातारी माणसं आणि कुलपं भेटतील. दिवाळीनंतर नवरा-बायकोची जोडी वीटभट्टीवर जाते, पोरंही बरोबर. पावसाळ्यात घर चालवायला भट्टीवाल्याकडून उचल घेतलेली असते, ती हजार विटांमागे मिळणाऱ्या मजुरीतून फेडायची. उचल पूर्ण फिटली नाही तर पुढच्या वर्षी परत त्याच भट्टीवर. मेअखेरीस, पावसाआधी घरी. शाळेचं वर्ष त्यात जातं. या विटा पनवेल, नवी मुंबई, मुंबईच्या इमारतींना लागतात. आम्ही राहतो त्या भिंतींनाही लागल्या असतील. आणि ज्यांनी विटा पाडल्या, त्यांच्या कित्येक वाड्या अजून दुसऱ्याच्या मालकीच्या जमिनीवर उभ्या आहेत, घराखालची जागा नावावर नाही. २००६च्या वनहक्क कायद्याने जंगलातल्या जमिनीचा पट्टा मागता येतो, पण खासगी जमिनीवरच्या वाडीला तो कामाचा नाही. विमानतळ आणि अटल सेतू आल्यापासून इकडच्या जमिनीचे भाव तुम्हाला ठाऊकच आहेत. दादा म्हणतात, ‘‘आता जागेचा मालक पण फिरायला येतो.’’

जुलैमध्येही जाऊ नका, लावणी चालू असते. चिखलात वाकून दिवसभर रोप लावणाऱ्या बाईला तुमच्यासाठी भाकऱ्या थापायला लावणं बरं नाही. राहतो सप्टेंबर. बहुतेक वर्षी गणपती होऊन गेलेले असतात, पाऊस दमलेला असतो पण ओढ्याला पाणी असतं, भात पोटरीत असतं, आणि भट्टीची गाडी अजून वाडीवर आलेली नसते. घरं भरलेली असतात.

तेव्हा माझं म्हणणं, २५ सप्टेंबरची तारीख धरा. त्या दिवशी सकाळी चिरनेरला मानवंदना बघा, अक्कादेवीला जा, वाडीत जेवा. गाडी माझीच पाहिजे असं नाही. मानखुर्दहून हार्बरने बेलापूरला जाऊन उरणची लोकल पकडता येते, जानेवारी २०२४पासून ती थेट उरणपर्यंत जाते, आणि उरणहून चिरनेरला रिक्षा मिळते. फक्त वाडीवर आदल्या दिवशी कळवा, आणि जेवणाच्या पैशांत घासाघीस करू नका.